मोटारीचे कूलंट घरी बदलताना

परभणी जिल्ह्यात फेब्रुवारी सरत आला की वाहनधारकांच्या तक्रारींचे स्वरूप बदलू लागते. थंडीच्या दिवसांत सकाळी गाडी लवकर सुरू होत नाही म्हणून होणारी कुरकुर थांबते आणि ‘गाडी गरम होते’ ही तक्रार पुढे येते. एप्रिल आणि मे महिन्यांत जिल्ह्यातील पारा ४२ अंश सेल्सिअसच्या पुढे जाणे ही आता नवलाची गोष्ट राहिलेली नाही. अशा उन्हात कल्याण-निर्मल राष्ट्रीय महामार्गावरून पाथरी, मानवत, परभणी असा प्रवास करणारी किंवा जालन्याजवळ समृद्धी महामार्ग गाठून मुंबईकडे निघालेली मोटार आपल्या इंजिनातील उष्णता बाहेर टाकू शकली नाही, तर काही मिनिटांत मोठे नुकसान होते. हेड गॅस्केट उडणे, इंजिनाच्या हेडला बाक येणे आणि अखेरीस इंजिन जाम होणे, असा हा क्रम असतो. त्याची दुरुस्ती खर्चीक असते, त्यापासून बचाव मात्र स्वस्तात होतो. रेडिएटरमधील कूलंट वेळच्या वेळी बदलणे हा तो बचाव होय.

हे काम घरी, अंगणात करता येण्याजोगे आहे. त्याला मोठी अवजारे लागत नाहीत. तथापि त्यात भाजण्याचा धोका आहे, विषबाधेचा धोका आहे आणि चुकीचे पाणी वापरल्यास नवे कूलंटही वाया जाण्याची शक्यता आहे. म्हणून कृतीकडे वळण्यापूर्वी त्यामागील कारणे समजून घेणे इष्ट ठरते.

कूलंटचे काम

पेट्रोल किंवा डिझेल जळून निर्माण होणाऱ्या उष्णतेपैकी ढोबळमानाने एक तृतीयांश उष्णतेचेच गतीत रूपांतर होते. सुमारे तेवढीच उष्णता धुराबरोबर बाहेर पडते आणि उरलेला मोठा भाग इंजिनाच्या धातूत मुरतो. ही उष्णता वाहून नेण्यासाठी सिलिंडरच्या भोवती पोकळ मार्ग ठेवलेले असतात. वॉटर पंप त्यांतून द्रव फिरवतो, तो द्रव रेडिएटरच्या बारीक नळ्यांतून जाताना समोरून येणाऱ्या वाऱ्याने थंड होतो आणि पुन्हा इंजिनात परततो. इंजिन थंड असताना थर्मोस्टॅट हा मार्ग बंद ठेवतो. बहुतेक गाड्यांत साधारण ८० ते ९० अंशांच्या दरम्यान तो उघडतो. गाडी उभी असताना वारा मिळत नाही, तेव्हा विजेवर चालणारा पंखा ते काम करतो.

हा द्रव म्हणजेच कूलंट. त्यात तीन घटक असतात. पहिला पाणी, दुसरा ग्लायकॉल, बहुतेक वेळा इथिलीन ग्लायकॉल, आणि तिसरा गंजरोधक रसायने. इथिलीन ग्लायकॉल हे रसायन एकोणिसाव्या शतकाच्या मध्यास फ्रेंच रसायनशास्त्रज्ञ शार्ल-अडॉल्फ वुर्ट्झ यांनी प्रथम तयार केले. थंड प्रदेशांत पाणी गोठून इंजिनाचा ठोकळा फुटू नये म्हणून पुढे ते मोटारींत वापरले जाऊ लागले. निम्मे पाणी आणि निम्मे ग्लायकॉल असे मिश्रण उणे ३५ अंशांच्याही खाली गेल्यावर गोठते.

परभणीत डिसेंबर-जानेवारीत पारा कधी कधी एक आकडी होतो. पण पाणी गोठून इंजिन फुटावे अशी थंडी येथे पडत नाही. मग कूलंटची गरज काय, असा प्रश्न अनेक वाहनधारक विचारतात. त्याचे उत्तर उरलेल्या दोन गुणांत आहे. ग्लायकॉलमुळे द्रवाचा उत्कलनबिंदू वाढतो. परभणी शहर समुद्रसपाटीपासून सुमारे ४०० मीटर उंचीवर असल्याने येथे उघड्यावर पाणी १०० अंशांच्या किंचित खालीच उकळते. निम्म्या ग्लायकॉलचे मिश्रण मात्र १०६ अंशांच्या आसपास उकळते. त्यातच रेडिएटरचे झाकण आत सुमारे एक बार इतका जादा दाब धरून ठेवते. त्या दाबाखाली हेच मिश्रण १२५ अंशांच्या पुढे जाईपर्यंत उकळत नाही. दुसरा गुण गंजरोधक रसायनांचा. लोखंड, ॲल्युमिनियम, तांबे, रबर आणि प्लॅस्टिक अशा भिन्न पदार्थांना एकाच द्रवात वर्षानुवर्षे सुरक्षित ठेवण्याचे काम ती करतात. येथील वाहनधारकासाठी हाच गुण सर्वांत मोलाचा आहे.

साधे पाणी का नको?

एके काळी रेडिएटरमध्ये नळाचे किंवा विहिरीचे पाणी घालणे सर्वमान्य होते. ॲम्बॅसडर, मुंबईत कुर्ल्याला तयार होणारी प्रीमियर पद्मिनी आणि गावोगाव फिरणाऱ्या काळी-पिवळी जीप या साऱ्यांच्या चालकांजवळ पाण्याचा कॅन हमखास असे. घाट चढून आल्यावर बॉनेट उघडून पाणी घालणे हा प्रवासाचाच एक भाग मानला जाई. त्या इंजिनांची घडण अवजड होती, आतील मार्ग रुंद होते आणि थोडाफार गंज व क्षार ती सहन करीत. आजच्या मोटारींचे रेडिएटर ॲल्युमिनियमचे, त्यांच्या नळ्या अरुंद आणि बहुतेकांचे हेडही ॲल्युमिनियमचे असते. ॲल्युमिनियम तापले की लवकर वाकते आणि क्षारयुक्त पाण्यात लवकर कुरतडले जाते.

मराठवाड्याच्या बहुतांश भागाखाली दख्खनचा काळा पाषाण आहे. त्याच्या भेगांतून झिरपणाऱ्या पाण्यात कॅल्शियम व मॅग्नेशियमचे क्षार विरघळतात. विंधन विहिरीचे, म्हणजे बोअरचे पाणी त्यामुळे दुष्फेन, बोलीभाषेत जड असते. साबणाला फेस न येणे, तोटीवर पांढरा थर धरणे, गीझरची कॉइल वर्ष-दोन वर्षांत पांढरी पडणे या गोष्टी येथील घराघरांत परिचयाच्या आहेत. हेच पाणी इंजिनात तापले म्हणजे तोच पांढरा थर सिलिंडरच्या भोवती आणि रेडिएटरच्या नळ्यांत बसतो. हा थर उष्णता अडवतो. बाहेरून रेडिएटर भरलेला दिसतो, पण आत धातू तापतच राहतो.

पिण्यासाठी घेतलेला आरओचा जार वापरावा काय, हाही नेहमीचा प्रश्न. आरओच्या पाण्यात क्षार कमी असतात, पण ते पूर्णतः निघालेले नसतात; चवीसाठी काही प्रमाण राखलेलेही असते. अडचणीच्या वेळी बोअरच्या पाण्यापेक्षा ते बरे, इतकेच म्हणता येईल. योग्य पाणी म्हणजे ऊर्ध्वपातित अथवा क्षारमुक्त केलेले पाणी. बॅटरीच्या दुकानांत ते ‘बॅटरीचे पाणी’ म्हणून मिळते. येथे एक सावधगिरी आवश्यक आहे. त्याच दुकानात बॅटरीचे ॲसिडही तशाच कॅनमध्ये असू शकते. लेबल वाचून, दुकानदाराला स्पष्ट विचारूनच कॅन घ्यावा.

जर्मनी, जपान आणि परभणी

‘जगात जर्मनी, भारतात परभणी’ ही म्हण जिल्ह्यात विनोदाने नेहमी ऐकू येते. पाण्याच्या बाबतीत मात्र ती काहीशी खरी आहे. युरोपातील अनेक भागांचे पाणीही जड आहे. कूलंटमधील फॉस्फेट आणि जड पाण्यातील कॅल्शियम यांचा संयोग होऊन न विरघळणारा साका तयार होतो. त्यामुळे युरोपीय मोटार कंपन्यांनी फॉस्फेटविरहित कूलंटचा मार्ग स्वीकारला. जपानमध्ये पाणी तुलनेने मृदू आहे. तेथील कंपन्यांनी वॉटर पंपाच्या सीलची झीज टाळण्यासाठी सिलिकेट वर्ज्य केले आणि फॉस्फेट ठेवले.

भारतीय रस्त्यांवर दोन्ही परंपरांच्या गाड्या आहेत. मारुती सुझुकी, टोयोटा, होंडा, ह्युंदाई यांच्या गाड्यांत सामान्यतः आशियाई परंपरेचे फॉस्फेटयुक्त कूलंट असते. फोक्सवॅगन व स्कोडा यांच्या गाड्यांत युरोपीय परंपरेचे. परभणीच्या वाहनधारकाने यातून घ्यावयाचा बोध सरळ आहे. फॉस्फेटयुक्त कूलंट बोअरच्या पाण्यात मिसळणे म्हणजे रेडिएटरमध्ये साका तयार करण्याचीच कृती होय. महागाचे कूलंट विकत घेऊन त्यात फुकटचे पाणी घातले, तर केलेला खर्च निष्फळ ठरतो.

रंगावर विसंबू नये

कूलंट हिरवे, निळे, लाल, गुलाबी, नारिंगी अशा रंगांत मिळते. हा रंग केवळ ओळखीसाठी व गळती दिसावी म्हणून मिसळलेला असतो. त्याबाबत सर्व कंपन्यांना बंधनकारक असा कोणताही नियम नाही. एका कंपनीचे हिरवे आणि दुसऱ्या कंपनीचे हिरवे यांतील रसायने भिन्न असू शकतात. रंग जुळला म्हणून मिसळले, तर गंजरोधक घटक एकमेकांना निकामी करतात; क्वचित आत चिकट लगदाही तयार होतो. गाडीच्या मार्गदर्शक पुस्तिकेत कूलंटचा प्रकार नमूद असतो. तोच आधार मानावा. भारतीय मानक ब्यूरोने कूलंटसाठी आयएस ५७५९ हे मानक ठरवले आहे. खरेदी करताना डब्यावर मानकाचा व उत्पादनाच्या तारखेचा उल्लेख आहे काय, हे पाहावे.

बाजारात कूलंट दोन रूपांत मिळते. एक तयार मिश्रण, ज्यात पाणी आधीच मिसळलेले असते. दुसरे घट्ट स्वरूपातील, ज्यात पाणी आपण मिसळावयाचे असते. डब्यावर ते स्पष्ट लिहिलेले असते. घट्ट कूलंट पाणी न मिसळता तसेच ओतल्यास गाडी अधिक थंड राहील, हा समज चुकीचा आहे. उष्णता वाहून नेण्याची क्षमता ग्लायकॉलपेक्षा पाण्यात अधिक असते. निव्वळ ग्लायकॉल भरलेली गाडी उलट अधिक तापते. आपल्याकडील हवामानात ३० ते ५० टक्के कूलंट आणि उरलेले पाणी हे प्रमाण प्रचलित आहे. नेमके प्रमाण पुस्तिकेनुसार ठेवावे.

केव्हा बदलावे?

जुन्या पद्धतीचे कूलंट साधारण दोन ते तीन वर्षे किंवा ४० हजार किलोमीटर, यांपैकी जे आधी होईल तेव्हा बदलण्याचा प्रघात आहे. दीर्घकाळ टिकणारे कूलंट पाच वर्षे व त्याहूनही अधिक काळ चालते. येथेही पुस्तिकेतील मुदत हाच अंतिम शब्द. काळाच्या ओघात ग्लायकॉलचे ऑक्सिडीकरण होऊन आम्ले तयार होतात आणि त्यांना आवरणारी गंजरोधक रसायने संपत जातात. म्हणूनच गाडी कमी धावली तरी कूलंटला वयाची मर्यादा असते.

मुदतीपूर्वीही काही खुणा दिसल्यास कूलंट बदलणे आवश्यक ठरते. तांबूस, गढूळ रंग, तळाशी गाळ, टाकीच्या तोंडाशी पांढरा थर किंवा मध्येच कोणीतरी बोअरचे पाणी घातल्याची माहिती, या त्या खुणा. जुनी गाडी विकत घेतली असेल आणि आधीच्या मालकाने काय भरले याचा पत्ता नसेल, तर ते बदलून घेणेच श्रेयस्कर.

लागणारे साहित्य

पुस्तिकेत सांगितलेले कूलंट, १० ते १५ लिटर ऊर्ध्वपातित पाणी, जुने कूलंट धरण्यासाठी पसरट घमेले, घट्ट झाकणाचा रिकामा कॅन, नरसाळे, मापाचे भांडे, पक्कड व स्क्रू ड्रायव्हर, रबरी हातमोजे, डोळ्यांसाठी चष्मा आणि जाड फडके एवढे साहित्य पुरते. लहान मोटारींत एकूण साडेतीन ते पाच लिटर, तर मोठ्या डिझेल गाड्यांत त्याहून बरेच अधिक कूलंट मावते. आपल्या गाडीची क्षमता पुस्तिकेत पाहून मगच खरेदी करावी. कूलंट साठवण्यासाठी शीतपेयाची अथवा पाण्याची बाटली वापरू नये. त्याचे कारण पुढे येणार आहे.

प्रत्यक्ष कृती

१. गाडी सपाट जागेवर उभी करून हँडब्रेक ओढावा आणि चाकांना दगड लावावेत. इंजिन पूर्ण थंड असले पाहिजे. रात्रभर उभ्या असलेल्या गाडीवर पहाटे काम करणे सर्वांत उत्तम. गरम रेडिएटरचे झाकण उघडल्यास दाब एकदम उतरतो, आतील द्रव क्षणात उकळतो आणि वाफेसह तोंडावर उसळतो. या एका घाईने अनेकांचे चेहरे व हात भाजले आहेत.

२. गाडीची किल्ली काढून ठेवावी. काही गाड्यांत किल्ली बंद असतानाही पंखा फिरू लागतो. म्हणून बॅटरीची ऋण बाजूची तार सोडवून ठेवणे सुरक्षित. ओढणी, गमछा, सैल बाह्या सावरून घ्याव्यात.

३. झाकणावर जाड फडके ठेवून ते हळूहळू सैल करावे. अनेक नव्या गाड्यांत रेडिएटरला स्वतंत्र झाकण नसते. कूलंटच्या टाकीचेच झाकण दाबाचे असते. तेथेही हाच नियम लागू.

४. रेडिएटरच्या तळाशी निचऱ्याची चावी असते. तिच्याखाली घमेले ठेवून ती सोडवावी. ही चावी बहुधा प्लॅस्टिकची असते, जोर लावल्यास तुटते. चावी नसल्यास खालचा होज पाइप क्लॅम्प सैल करून काढावा. गाडीखाली शिरावे लागत असेल, तर केवळ जॅकच्या आधारावर उचललेल्या गाडीखाली कदापि जाऊ नये.

५. निघालेले कूलंट मोजून घ्यावे. पुस्तिकेतील एकूण क्षमता आणि निघालेले माप यांतील फरक म्हणजे इंजिनात शिल्लक राहिलेला द्रव. हा आकडा लिहून ठेवावा. पुढील हिशेबाला तो लागतो.

६. चावी बंद करून, सोडवलेला पाइप व बॅटरीची तार पुन्हा जोडून ऊर्ध्वपातित पाणी भरावे. केबिनमधील हीटर कमाल उष्णतेवर ठेवून इंजिन सुरू करावे, म्हणजे हीटरच्या नळ्यांतही पाणी फिरते. थर्मोस्टॅट उघडून वरचा होज पाइप गरम लागेपर्यंत इंजिन चालू द्यावे. नंतर ते बंद करून दोन-तीन तास पूर्ण थंड होऊ द्यावे आणि पाणी काढून टाकावे. पाणी स्वच्छ निघेपर्यंत ही धुलाई करावी. तोच प्रकार पुन्हा भरावयाचा असेल आणि जुने कूलंट स्वच्छ निघाले असेल, तर ही पायरी गाळता येते.

७. जुने होज पाइप हाताने दाबून पाहावेत. चिरा, फुगवटा किंवा अतिमऊपणा आढळल्यास ते याच वेळी बदलावेत. झाकणाचे रबर कडक झाले असेल तर झाकणही बदलावे. दाब न धरणारे झाकण चांगल्या कूलंटचाही उत्कलनबिंदू खाली आणते.

८. चावी घट्ट बंद करून नवे कूलंट नरसाळ्याने सावकाश ओतावे. घाई केल्यास आत हवा कोंडते.

मिश्रणाचा हिशेब

घरी कूलंट बदलणाऱ्यांची सर्वाधिक गल्लत येथे होते. एक उदाहरण घेऊ. गाडीची एकूण क्षमता साडेचार लिटर आहे आणि रेडिएटर रिकामा केल्यावर तीन लिटर द्रव निघाला. म्हणजे दीड लिटर इंजिनातच राहिला. धुलाई केल्यानंतर हे शिल्लक दीड लिटर म्हणजे निव्वळ पाणी असते. आता त्यावर निम्म्या प्रमाणाचे तयार मिश्रण तीन लिटर ओतले, तर गाडीत ग्लायकॉलयुक्त कूलंट प्रत्यक्षात दीड लिटरच जाते. साडेचार लिटरांत ते निम्मे न राहता ३३ टक्के होते.

धुलाई केली असेल तर म्हणूनच घट्ट कूलंट वापरणे सोयीचे. वरील उदाहरणात निम्मे प्रमाण हवे असल्यास सव्वादोन लिटर घट्ट कूलंट आधी ओतावे आणि उरलेली जागा पाऊण लिटर ऊर्ध्वपातित पाण्याने भरावी. आत असलेले दीड लिटर पाणी मिळून हिशेब बरोबर जुळतो. तयार मिश्रणच वापरावयाचे असेल, तर धुलाई टाळावी किंवा काहीसा खर्च सोसून मिश्रण दोनदा भरून काढावे.

हवा काढणे

भरल्यानंतर आत हवेचा बुडबुडा राहिला, तर त्या जागी धातूला कूलंट लागत नाही आणि काटा अचानक वर जातो. ही हवा काढण्यासाठी झाकण उघडे ठेवून, हीटर कमाल उष्णतेवर ठेवून थंड इंजिन सुरू करावे. थर्मोस्टॅट उघडला की पातळी एकदम खाली जाते, बुडबुडे येतात. पातळी राखण्यापुरते कूलंट घालत राहावे. वरचा होज पाइप अद्याप कोमट असतानाच, हातमोजा घालून तो हलकेच दाबल्यास अडकलेली हवा सुटते. द्रव वर चढू लागताच झाकण लावावे. काही गाड्यांत हवा सोडण्यासाठी स्वतंत्र स्क्रू असतो. झाकण दाबाच्या टाकीवर असलेल्या गाड्यांत ते उघडे ठेवावे की लावावे, हे पुस्तिकेत पाहावे.

पंखा एकदा सुरू होऊन बंद होईपर्यंत इंजिन चालू ठेवावे. तापमानाचा काटा मधोमध स्थिर राहिला आणि हीटरमधून गरम वारा आला, तर हवा निघाली असे समजावे. गाडी पूर्ण थंड झाल्यावर टाकीतील पातळी किमान व कमाल या खुणांच्या दरम्यान आणावी. पुढील आठवडाभर रोज सकाळी पातळी पाहावी. पहिल्या एक-दोन दिवसांत ती किंचित उतरणे स्वाभाविक आहे. ती सतत उतरत असेल तर कोठेतरी गळती आहे.

गोड विष

इथिलीन ग्लायकॉल चवीला गोडसर असते आणि तेच त्यातील सर्वांत मोठे संकट आहे. अंगणात सांडलेले कूलंट कुत्री-मांजरे चाटतात, घमेल्यातील रंगीत द्रवाला वासरू तोंड लावते, शीतपेयाच्या बाटलीत भरून ठेवलेले कूलंट लहान मूल सरबत समजून पिते. पोटात गेल्यावर आरंभी दारू प्यायल्यासारखी लक्षणे दिसतात, उलट्या होतात. काही काळ बरे वाटल्याचा भासही होतो. शरीरात मात्र त्याचे विषारी आम्लांत रूपांतर सुरू असते. पुढे श्वास आणि हृदयावर परिणाम होतो आणि एक ते तीन दिवसांत मूत्रपिंडे निकामी होऊ शकतात. थोडेसेही पोटात गेल्याची शंका आल्यास लक्षणांची वाट न पाहता १०८ क्रमांकावर रुग्णवाहिका बोलवावी किंवा तातडीने रुग्णालय गाठावे. रुग्णास घरी उलटी करवू नये. कूलंटचा डबा सोबत न्यावा, म्हणजे डॉक्टरांना घटक कळतात. यावर उतारा उपलब्ध आहे, परंतु तो वेळेत मिळाला तरच उपयोगी पडतो.

ग्लायकॉलच्या कुळातील रसायनांची किंमत महाराष्ट्राने मोजलेली आहे. १९८६ मध्ये मुंबईच्या जे. जे. रुग्णालयात रुग्णांना दिलेल्या ग्लिसरॉलमध्ये डायइथिलीन ग्लायकॉल मिसळलेले आढळले. त्या घटनेत १४ रुग्ण दगावले आणि न्यायमूर्ती बख्तावर लेंटिन यांच्या आयोगाने तिची चौकशी केली. २०२५ मध्ये मध्य प्रदेशातील छिंदवाडा जिल्ह्यात खोकल्याच्या दूषित औषधाने बालके मृत्युमुखी पडली, त्यामागेही हेच डायइथिलीन ग्लायकॉल होते. ते कूलंटमधील इथिलीन ग्लायकॉलचे जवळचे भावंड होय. मोटारीच्या डब्यातील द्रव औषधाच्या कपाटापासून आणि स्वयंपाकघरापासून दूर का ठेवावा, हे यावरून ध्यानात यावे.

जुन्या कूलंटचे काय करावे?

वापरलेल्या कूलंटमध्ये ग्लायकॉलबरोबरच इंजिनातील धातूंचे अंशही उतरलेले असतात. ते गटारीत, नाल्यात, विहिरीजवळ किंवा शेताच्या बांधावर ओतू नये. गावातील उघड्या गटारीचे पाणी जनावरे पितात आणि पावसाळ्यात तेच पाणी ओढ्यानाल्यांतून दुधना, पूर्णा, गोदावरीकडे वाहते. जुने कूलंट व धुलाईचे पहिले पाणी घट्ट झाकणाच्या कॅनमध्ये भरावे, त्यावर ‘विष – जुने कूलंट’ असे ठळक लिहावे आणि मुलांच्या हाती लागणार नाही अशा जागी ठेवावे. मोठ्या सर्व्हिस सेंटरकडे टाकाऊ तेल आणि तत्सम द्रव अधिकृत संकलकांकडे सोपवण्याची व्यवस्था असते. तेथे विचारणा करून कॅन सुपूर्द करणे हा योग्य मार्ग आहे. जमिनीवर सांडलेले कूलंट माती किंवा लाकडाच्या भुशात टिपून घ्यावे आणि मगच जागा धुवावी.

घरी कोणी करू नये?

हायब्रिड आणि विजेवर चालणाऱ्या गाड्यांची शीतकरण व्यवस्था वेगळी असते. काहींत बॅटरीसाठी खास प्रकारचे कूलंट असते. त्यांना घरी हात लावू नये. सीएनजीच्या अनेक गाड्यांत वायूचा दाब कमी करणाऱ्या रेग्युलेटरला ऊब देण्यासाठी कूलंटच्या नळ्या जोडलेल्या असतात. तेथील जोड सैल झाल्यास प्रश्न गंभीर होतो, म्हणून हे काम जाणकाराकडेच सोपवावे. हमीच्या मुदतीतील गाडीचेही काम अधिकृत केंद्रात करून घेऊन पावती जपून ठेवावी.

ऑइलच्या झाकणाखाली दुधासारखा पांढरट थर दिसणे, धुराड्यातून गोडसर वासाचा पांढरा धूर सतत येणे, टाकीत तेलाचा तवंग दिसणे ही हेड गॅस्केट गेल्याची लक्षणे असू शकतात. अशा वेळी कूलंट बदलून उपयोग नाही. आधी दुरुस्ती हवी.

रस्त्यात गाडी तापली तर

काटा वर चढू लागताच एसी बंद करावा आणि हीटर पूर्ण उष्णतेवर सुरू करावा. भर उन्हात हे त्रासाचे असले, तरी हीटर हा छोटा रेडिएटरच आहे. तो इंजिनातील उष्णता बाहेर ओढतो. काटा उतरला नाही, तर सुरक्षित जागा पाहून गाडी रस्त्याच्या कडेला घ्यावी व इंजिन बंद करावे. बॉनेटच्या फटीतून वाफ येत असल्यास ती थांबेपर्यंत बॉनेट उघडू नये. किमान अर्धा-पाऊण तास थांबावे आणि झाकण गार लागल्याशिवाय त्याला हात लावू नये. तापलेल्या इंजिनावर किंवा आत गार पाणी ओतल्यास धातूला तडा जाण्याची भीती असते.

गाडी थंड झाल्यावर टाकी रिकामी आढळली आणि जवळ कूलंट नसेल, तर मिळेल ते पिण्याचे पाणी घालून जवळचे गॅरेज गाठावे. संकटसमयी हे क्षम्य आहे. नंतर मात्र संपूर्ण कूलंट बदलून घेण्यास विसरू नये. वाफेने भाजल्यास भाग वीस मिनिटे वाहत्या साध्या पाण्याखाली धरावा. त्यावर टूथपेस्ट, हळद किंवा शाई लावू नये आणि डॉक्टरांना दाखवावे.

रेडिएटरची बाहेरची बाजू

आत कूलंट नवे असूनही गाडी तापत असेल, तर रेडिएटरची समोरची जाळी पाहावी. कापसाच्या हंगामात उडणारे तंतू, उसाचे पाचट, धूळ आणि कीटक या जाळीत अडकून वाऱ्याचा मार्ग बंद करतात. मानवत, सेलू परिसरातील कापसाच्या वाहतुकीमागून जाणाऱ्या गाड्यांना हा अनुभव येतो. गाडी थंड असताना मऊ ब्रशने आणि साध्या नळीच्या मंद धारेने जाळी स्वच्छ करावी. गाडी धुण्याच्या केंद्रातील जोरदार फवारा जवळून मारल्यास ॲल्युमिनियमच्या नाजूक पट्ट्या वाकतात आणि वारा कायमचा अडतो.

वेळापत्रक

जिल्ह्याच्या हवामानाचा विचार करता संक्रांत ते होळी हा काळ या कामासाठी सोयीचा. सकाळ थंड असते, इंजिन रात्रभर निवालेले असते आणि उन्हाळ्यापूर्वी आठवडाभर पातळी तपासण्यास अवधी मिळतो. काम झाल्यावर तारीख, किलोमीटरचा आकडा, कूलंटचे नाव व प्रमाण कागदावर लिहून तो बॉनेटच्या आतील बाजूस चिकटवावा. पुढे गाडी कोणाच्याही हाती गेली, तरी त्यात काय घालावे आणि काय घालू नये, हे त्यास तेथेच वाचता येईल.